आधी बाथरूमचा फोटो पाठवा: ग्लॅम्पिंगचं मार्केट नेमकं चालतं कसं

माझा एक मामेभाऊ आहे मावळात. पवना धरणापासून जरा आतल्या अंगाला गाव, अडीच एकर जमीन, त्यातली बरीचशी भाताची खाचरं आणि वरच्या बाजूला एक माळाचा तुकडा जिथे गवताशिवाय काही येत नाही. चाकणला कंपनीत शिफ्ट करतो. दिवाळीत फराळाला गेलो तर चकली मोडता मोडता म्हणाला, "दादा, वरच्या माळावर चार डोम टाकतो म्हणतोय, तू जरा एक्सेलमध्ये बसवून दे ना." डोम म्हणजे ते पांढरे अर्धगोल तंबू, पुढून पारदर्शक, आत डबल बेड, बाहेर लाकडी डेक, रील्समध्ये दर तिसऱ्या व्हिडिओत दिसतात ते. मामी मागून ओरडली की आधी गोठ्याचे पत्रे बदल मग डोम टाक, पण तो मुद्दा वेगळा.

तर त्या एक्सेलच्या नादात मी या धंद्यात बराच खोल गेलो आणि मला जे कळलं ते इथे सांगतो. मी काही हॉटेलवाला नाही, पण आकडे लावता येतात आणि चार कॅम्पवर राहून आलोय.

आधी शब्द. ग्लॅम्पिंग म्हणजे ग्लॅमरस अधिक कॅम्पिंग. ऑक्सफर्डच्या डिक्शनरीत हा शब्द २०१६ ला गेला, म्हणजे शब्द ताजाच आहे, पण प्रकार काही नवीन नाही हो. आपल्याकडे राहुटी, डेरा, शामियाना, कनात हे सगळे शब्द काय हवेतून आले का? मुघल बादशहा मोहिमेवर निघाला की अख्खं कापडाचं शहर त्याच्यासोबत चालायचं, आणि पेशवाईत बड्या सरदारांचे डेरे बघून इंग्रज वकिलांनी पानंच्या पानं लिहिलीत. आफ्रिकेत १०० वर्षांपूर्वी शिकारीला जाणाऱ्या युरोपियन लोकांच्या तंबूत गालिचे आणि बाथटब असायचे. म्हणजे तंबू आणि ऐष ही जोडी जुनीच. बदललं एवढंच की आता ती ऐष शनिवार संध्याकाळ ते रविवार सकाळ अशी तुकड्याने विकत मिळते, नोकरदार माणसाला परवडेल अशा भावात.

आता मार्केट. गूगलवर ग्लॅम्पिंग मार्केट असं टाकलं की दहा रिपोर्ट येतात आणि दहा जणांचे दहा आकडे, कारण कुणी फक्त तंबू मोजतं, कुणी त्यात ट्री हाऊस आणि केबिन घालतं, कुणी कॅरॅव्हॅनपण घालतं. त्यामुळे एकूण मार्केट किती अब्ज डॉलरचं यावर मी फार विश्वास ठेवत नाही. त्या रिपोर्टमध्ये एक शब्द मात्र सारखा येतो, सीएजीआर, तो समजून घ्या. सरासरी दर वर्षी किती टक्के वाढ, चक्रवाढ पद्धतीने, बस. पोस्टातल्या ठेवीसारखंच. ७२ ला त्या टक्क्यांनी भागलं की किती वर्षात दुप्पट होईल ते अंदाजे कळतं, म्हणजे १० टक्के वाढ सांगितली तर साधारण ७ वर्षात दुप्पट. पण मार्केट दुप्पट होणार म्हणजे तुमचा धंदा दुप्पट होणार असं नाही ना. सात वर्षात तंबू चौपट झाले तर प्रत्येक तंबूच्या वाट्याला आजच्या निम्मंच गिऱ्हाईक येणार. पवनेला नेमकं हेच झालंय, सांगतो पुढे.

आकड्यांपेक्षा मोठे लोक पैसे कुठे लावतायत ते बघणं बरं. अमेरिकेत अंडर कॅनव्हास नावाची कंपनी आहे, २०१२ ला सुरू झाली, यलोस्टोनसारख्या नॅशनल पार्कच्या बाहेर भारीतले तंबू लावते. ऑटोकॅम्प नावाची दुसरी, चकचकीत अल्युमिनियमच्या जुन्या स्टाईलच्या ट्रेलरमध्ये राहायला देते, तिच्याशी २०२४ मध्ये हिल्टनने हातमिळवणी केली. त्याच वर्षी मॅरियटने पोस्टकार्ड केबिन्स विकत घेतली, आधी तिचं नाव गेटअवे होतं, आणि तिचा सगळा धंदा एका साध्या गोष्टीवर उभा आहे: मोठ्या शहरापासून साधारण दोन तासांच्या ड्राइव्हवर जंगलात एक छोटी खोली, मोठी खिडकी, बाहेर शेकोटीची जागा. दोन तास ड्राइव्ह, खिडकी, शेकोटी. हे वाचलं आणि मी हसलोच, कारण हे तर आमचं कामशेत झालं की! हॉटेलवाल्या मोठ्या कंपन्यांना एवढंच कळलंय की त्यांच्या मेंबरला दर वेळी मार्बलची लॉबी नकोय, आणि तो माणूस दुसरीकडे जाण्यापेक्षा आपल्याच मेंबरशिपचे पॉइंट्स जमवत राहिलेला बरा.

एअरबीएनबीने २०२२ मध्ये सर्चच बदललं. आधी तुम्ही गाव टाकायचात, मग घर बघायचात. त्यांनी वर कॅटेगरी आणल्या, डोम, ए-फ्रेम, ट्री हाऊस वगैरे. याचा अर्थ नीट घ्या. माणूस आधी कसल्या घरात राहायचं ते ठरवतो आणि मग ते जिथे असेल तिथे जातो. पूर्वी महाबळेश्वरला जायचं ठरायचं आणि मग लॉज शोधायचो. आता डोममध्ये राहायचं ठरतं आणि मग तो डोम वाईजवळ आहे का इगतपुरीला का मुळशीत, हे नंतर. गावाच्या नावावर जे चालायचं ते आता फोटोवर चालतं. ज्या गावाला कुणी ओळखत नाही त्याचा यात फायदा आहे, आणि ज्याचा डोम जुना झाला त्याचा तोटा, कारण शेजारी नवीन काहीतरी आलं की फोटोत हा शिळा दिसतो.

बरं मग गिऱ्हाईक नक्की कोण आणि त्याला काय हवंय? मी एका ओळखीच्या कॅम्पवाल्याकडे एका गुरुवारी दिवसभर बसलो, नुसता फोन ऐकत. गुरुवार यासाठी की शनिवारचं बुकिंग गुरुवार-शुक्रवारीच येतं, महिनाभर आधी कुणी ठरवत नाही, व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणीतरी "चला ना कुठेतरी" टाकतं आणि मग धावपळ. फोनवर व्ह्यू कसा आहे हे फार कमी जणांनी विचारलं, व्ह्यू त्यांनी रीलमध्ये बघितलेला असतो. विचारतात काय? बाथरूम अटॅच आहे का. वेस्टर्न आहे का, आईला गुडघ्यांचा त्रास आहे. गरम पाणी किती वाजेपर्यंत. गाडी टेंटपर्यंत येते का. जैन जेवण मिळेल का. कुत्रा आणला तर चालेल का. रात्री डीजे असतो का, हे दोन्ही बाजूंनी विचारतात, काहींना हवा असतो म्हणून आणि काहींना नको असतो म्हणून. आणि एक ताई तर सरळ म्हणाल्या, "तुमचा डोम बघितला मी, छान आहे, आधी बाथरूमचा फोटो पाठवा."

माझ्या मते सगळी ट्रॅव्हलर डिमांड या एका वाक्यात आली. कॅम्पिंगमध्ये लोकांना आकाश, आग, पाणी, शांतता हे सगळं हवंच होतं आधीपासून, अडत होतं ते बाथरूमपाशी. ट्रेकर मंडळी गुहेत झोपतील, त्यांचं काही नाही. पण ज्या घरात सासूबाई आहेत, सहा वर्षांचं पोर आहे, त्यांना चुली पेटवून गडावर झोपायला सांगून बघा. ग्लॅम्पिंगने या लोकांसाठी दार उघडलं. म्हणून डोम घेताना लोक कापड किती एमएमचं ते बघत बसतात आणि सेप्टिक टँकवर पैसे वाचवतात ना, तिथे मला हसू येतं आणि रडूपण.

आता पवना. नकाशात बघितलं तर धरणाचं पाणी मध्ये आणि भोवती लोहगड, विसापूर, तुंग, तिकोना. पुण्याहून दीड-दोन तास, मुंबईहून तीन. कार नसेल तर लोणावळा लोकलने कामशेत आणि पुढे जीप. असली जागा मिळाल्यावर काय होणार? २०१५ च्या आगेमागे काठावर छोटे डोम टेंट, ते घडीचे, दोन माणसं कशीबशी मावतात ते, लागायला सुरुवात झाली. माणशी हजार-बाराशेत संध्याकाळची भजी-चहा, बार्बेक्यू, जेवण, शेकोटी, सकाळी पोहे. २०२० चा लॉकडाऊन उठला आणि घरात कोंडलेली दोन शहरं एकदमच बाहेर पडली, विमान नको, हॉटेलची लिफ्ट नको, उघडी हवा हवी, मग तर विचारूच नका. ज्याची जागा काठाला तो कॅम्पवाला झाला.

यात एक गोष्ट बाहेरच्यांना माहीत नसते. हे धरण झालं तेव्हा इथल्या बऱ्याच घरांच्या जमिनी पाण्याखाली गेल्या, पाणी पिंपरी-चिंचवडला जातं, पुनर्वसनाची प्रकरणं अजून रखडलेली आहेत. २०११ मध्ये बंद जलवाहिनीच्या विरोधातल्या आंदोलनात गोळीबार होऊन तीन शेतकरी गेले. ज्या पाण्याने जमीन नेली त्याच पाण्याच्या कडेला तंबू लावून पोरं चार पैसे कमवतात, तेव्हा त्यांना नुसतं "काठ घाण केला" म्हणून मोकळं होणं मला जमत नाही. घाण झालाय हेही खरंच आहे.

आणि मग तेच झालं, सगळ्यांनी तेच लावलं. सारखे टेंट, सारखे लाइटचे लोंबते बल्ब, सारखाच गिटारवाला. माल सारखा असला की भांडण भावावर येतं. माझा स्वतःचा अनुभव सांगतो, एका ठिकाणी (नाव नको) "लेकसाइड प्रायव्हेट" म्हणून बुक केलं तर एका रांगेत चाळीसेक टेंट, मधून दोन फूट जागा, शेजारच्या टेंटमधल्या काकांचं घोरणं माझ्या उशीशी. एवढ्या सगळ्यांना चार संडास. सकाळी सहाला रांग. परत कधी गेलो नाही आणि दहा जणांना जाऊ नका म्हणून सांगितलं.

इथूनच ग्लॅम्पिंगचा जोर सुरू होतो. ज्यांना त्या भावाच्या भांडणातून बाहेर पडायचं होतं त्यांनी माणशी हजाराच्या जागी जोडप्याला पाच-सात हजाराचं काहीतरी उभं करायला घेतलं. आधी बेडवाले मोठे तंबू, मग डोम, मग ए-फ्रेम म्हणजे इंग्रजी ए अक्षरासारखं उतरत्या छपराचं लाकडी खोपटं, आता प्रत्येकाच्या पुढे छोटा प्रायव्हेट पूल. ही जी चढाओढ आहे त्यात कापड हळूहळू गायबच होत चाललंय, लक्षात येतंय का? तंबू म्हणून सुरू झालेला धंदा खोलीकडे चाललाय. आणि त्याचं कारण फॅशन कमी आणि पाऊस जास्त.

आपल्याकडची ही मोठी गंमत आहे. परदेशी रिपोर्टमध्ये सीझन म्हणजे उन्हाळा. राजस्थानात सीझन म्हणजे थंडी. कच्छच्या धोरडोला रणोत्सवाची टेंट सिटी थंडीपुरती लागते आणि सीझन संपला की आवरते. गोव्यात पाळोळे, आगोंदला माडाच्या झावळ्या-लाकडाच्या झोपड्या पावसाआधी उतरवतात, पाऊस गेला की परत उभ्या करतात. हे सगळे हिशोब सरळ आहेत, पाऊस आला की दुकान बंद. पण सह्याद्रीत मुंबई-पुण्याच्या माणसाला यायचंच असतं पावसात! धबधबे, धुकं, हिरवं, कणीस, भजी. लोणावळ्यात वर्षाला साधारण चार हजार मिलिमीटर पाऊस पडतो, त्यातला बहुतेक चार महिन्यांत, सोबत वारा. म्हणजे गिऱ्हाईक सगळ्यात जास्त तेव्हाच जेव्हा तंबू उभा राहणं सगळ्यात अवघड. कापडाला आतून बुरशी धरते, गाद्यांना वास येतो, डोममध्ये आतल्या बाजूला पाणी साचून टपटपतं आणि माणूस म्हणतो गळतंय. म्हणून पत्र्याचं किंवा शिंगल्सचं उतरतं छप्पर आलं. कोकणात, मावळात आपल्या आज्ज्यांची घरं उतरत्या छपराचीच होती, आता तेच ए-फ्रेम म्हणून सात हजाराला.

चला आता एक्सेल. यातले आकडे धरलेले आहेत, तुमच्या जागेचे वेगळे येतील, पण पद्धत बघा.

चार डोम. शुक्रवार-शनिवारच्या रात्री वर्षाला १०४. त्यातल्या ८० टक्के भरल्या असं धरू, म्हणजे ८३. भाव ६ हजार. बाकीच्या २६१ रात्री म्हणजे रविवार ते गुरुवार, त्यातल्या १० टक्के भरल्या तर २६, आणि तेव्हा भाव पाडावाच लागतो, ४ हजार. गुणाकार केला तर वर्षाचं गल्ल्यात येतं २४ लाख ८ हजार. मामेभाऊ खूश! थांब म्हटलं.

चार डोम गुणिले ३६५ म्हणजे १४६० रात्री तुझ्याकडे विकायला होत्या, विकल्या गेल्या ४३६. याला ऑक्युपन्सी म्हणतात, ती आली ३० टक्के. आणि २४ लाख ८ हजाराला १४६० ने भागलं की येतात १६४९ रुपये. हॉटेलवाले याला रेव्हपार म्हणतात, म्हणजे भरलेली असो वा रिकामी, प्रत्येक खोलीमागे रोज सरासरी किती आले. बोर्डावर भाव ६ हजार, खरी कमाई साडेसोळाशे. लोक ६ हजार गुणिले ३० दिवस असं मनातल्या मनात करतात आणि बँकेत लोनला जातात.

खर्च धरू. दोघांचं जेवण-नाश्ता रात्रीला १२००, म्हणजे ५ लाख २३ हजार. बुकिंगच्या ॲपचं कमिशन १५ टक्के धरलं तर ३ लाख ६१ हजार. तीन माणसं १५ हजाराने, वर्षाचे ५ लाख ४० हजार, आणि ही माणसं मंगळवारी गिऱ्हाईक नाही म्हणून घरी पाठवता येत नाहीत, पगार द्यावाच लागतो. लाइट, टँकर, चादरींची धुलाई, दुरुस्ती मिळून साडेतीन लाख. उरले ६ लाख ३३ हजार. डोम, बाथरूम, रस्ता, सेप्टिक टँक मिळून ३० लाख घातले आणि ते १० टक्क्याने कर्ज असेल तर ३ लाख व्याज गेलं, मुद्दल अजून बाजूलाच. जुलै-ऑगस्टचे नऊ वीकेंड पावसात बुडाले तर अजून सव्वादोन लाख गेले. हातात राहिले वर्षाला १ लाख ८ हजार, महिन्याला जेमतेम नऊ हजार. चाकणची नाइट शिफ्ट याच्यापेक्षा बरी, हे त्याचंच वाक्य.

आता उलट बाजू. फक्त एक आकडा बदला, मधल्या वारांची भरती १० वरून २५ टक्के. भाव तोच ४ हजार. जेवण आणि कमिशन वजा जाता ३ लाख ४३ हजार जादा हातात येतात, कारण पगार, व्याज, लाइट वगैरे आधीच भरलेले आहेत. ६ लाख ३३ चे पावणेदहा लाख, म्हणजे दीडपट. वीकेंड तर सगळ्यांचाच भरतो, धंदा कोण जिंकतं ते मंगळवारी ठरतं. ग्लॅम्पिंगमधले बहुतेक नवे ट्रेंड जे तुम्ही बघता ना, ते मला या नजरेने बघितले की लगेच उलगडतात. वर्क फ्रॉम कॅम्प, वायफाय आणि इन्व्हर्टरसकट: मंगळवार. कंपन्यांचे ऑफसाइट: बुधवार-गुरुवार. योग आणि वेलनेसचे चार दिवसांचे रिट्रीट: परत मधले वार. प्री-वेडिंग शूट: फोटोग्राफरला गर्दी नको असते म्हणून सोमवार. रिटायर्ड लोकांचे ग्रुप, आपले ज्येष्ठ नागरिक संघवाले: त्यांना तर वीकेंडचं काही देणंघेणंच नाही आणि ते दारू पिऊन धिंगाणा करत नाहीत, फक्त चहा वेळेवर लागतो. या शेवटच्या गिऱ्हाइकाकडे फार कुणी बघतच नाही असं मला वाटतं, कारण रील बनवणारा पंचविशीतला असतो.

दुसरी युक्ती म्हणजे तारीख विकणं. मे अखेर ते जूनच्या मध्यापर्यंत काजवे, भंडारदऱ्याच्या बाजूला, पुरुषवाडीला, राजमाचीला. तिथे मधल्या वारीपण गाड्या दिसतात कारण काजवे काय शनिवारची वाट बघत नाहीत. ऑगस्ट अखेर ते ऑक्टोबर कासची फुलं, पठार २०१२ पासून जागतिक वारशात आहे. जुलैत भातलावणी, लोक पैसे देऊन चिखलात उतरतात, मामीला हे अजून खरं वाटत नाही. डिसेंबरच्या १३-१४ ला जेमिनिड उल्कावर्षाव. आणि यातून एक मस्त गोष्ट पुढे आलीय, अंधार. पेंच व्याघ्रप्रकल्पाला, आपल्या नागपूरच्या बाजूच्या, जानेवारी २०२४ मध्ये देशातलं पहिलं डार्क स्काय पार्क म्हणून मान्यता मिळाली. ज्या गावात रस्त्याला लाइट नाही म्हणून लोक रडायचे तिथे आता दुर्बीण लावून अंधाराचे पैसे मिळतात. पण मग तुम्ही डोमवर रंगीत एलईडीच्या माळा लावल्या की तो अंधार गेला, आणि काजवे तर लाइटमध्ये सरळ गप्पच होतात, त्यांची जोडीदार शोधायची भाषाच तो उजेड आहे ना.

टॅक्सचं थोडक्यात सांगतो कारण भाव का तसे असतात ते यातून कळतं. २२ सप्टेंबर २०२५ पासून एका युनिटला एका रात्रीचा दर साडेसात हजारांपर्यंत असेल तर ५ टक्के जीएसटी, त्याच्या वर गेलात की १८. आधी खालच्या गटाला १२ होता. म्हणजे ७५०० आणि ७६०० मध्ये गिऱ्हाइकाला जवळजवळ अकराशेचा फरक पडतो, मग कोण कशाला ती रेघ ओलांडेल. मात्र त्या ५ टक्क्यांच्या गटात तुम्ही डोम, गाद्या, एसी घेताना भरलेला जीएसटी परत वळता मिळत नाही, तो खर्चात धरा. आणि वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की नोंदणी लागतेच, आमच्या एक्सेलमध्ये ती गेलीच होती.

आता ज्या भागावर लोक घाईत पुढे जातात तो, जागा आणि परवानगी. शेतकरी नसाल तर महाराष्ट्रात शेतजमीन विकत घेता येत नाही, म्हणून शहरातला पैसेवाला गावातल्या माणसाशी भाडेकरार करतो. आदिवासी खातेदाराची जमीन असेल, अकोले तालुक्यात तर सर्रास, तर तिथे भाडेकरारालाही परवानगी लागते, नुसत्या स्टॅम्प पेपरवर गेलात तर फसलात. धरणाच्या काठची जमीन जलसंपदाच्या ताब्यातली असू शकते, सातबारा काढून बघितल्याशिवाय एक खुंटी ठोकू नका. स्वतः शेतकरी असाल तर राज्याचं २०२० चं कृषी पर्यटन धोरण आहे, त्यात नोंदणी करून घेणं हा मला सगळ्यात सरळ रस्ता वाटतो.

कोर्टानेही या धंद्याला वेळोवेळी ब्रेक लावलेत. ऋषिकेशच्या वर गंगेच्या वाळवंटात राफ्टिंगवाल्यांचे कॅम्प लागायचे, ते हरित लवादाने डिसेंबर २०१५ मध्ये बंद पाडले. २०१८ मध्ये उत्तराखंड हायकोर्टाने बुग्यालांवर, म्हणजे वरच्या गवताळ कुरणांवर, रात्रीचा मुक्काम बंद केला. जानेवारी २०२१ मध्ये वायनाडला मेप्पाडीजवळ रिसॉर्टच्या टेंटपाशी हत्तीच्या हल्ल्यात एक पर्यटक बाई गेली आणि मग तिथल्या टेंटवर कारवाई सुरू झाली. ३० जून २०२४ ला लोणावळ्यात भुशी धरणाच्या मागच्या ओढ्यात एका कुटुंबातली माणसं वाहून गेली, त्यानंतर पावसाळ्यात जमावबंदीचे आदेश येतात तेव्हा तुमचं बुकिंग असो नसो, गाड्या अडवल्या जातात. एक्सेलमध्ये याला कॉलम नाही. मी तरी पावसाळ्याचं गिऱ्हाईक निम्मंच धरायला लागलो.

आणि २०२७ चा सिंहस्थ. प्रयागराजला २०२५ च्या कुंभात आलिशान टेंटचे भाव ऐकून नाशिककडच्या बऱ्याच जणांनी डोमची कोटेशन मागवलीत, मला दोघांचे फोन आले. पण प्रयागचा कुंभ जानेवारी-फेब्रुवारीत, कडाक्याच्या थंडीत आणि कोरड्या वाळूवर. नाशिक-त्र्यंबकची मोठी स्नानं ऑगस्ट-सप्टेंबरात, त्र्यंबकच्या पावसात. तिथलं मॉडेल इथे उचलून लावलं तर चिखलात गालिचा अंथरल्यासारखं होईल. त्यापेक्षा पक्कं छप्पर, उंच जोतं आणि भरपूर संडास ज्याच्याकडे असतील त्याचे पैसे होतील असं माझं मत.

मामेभावाचं विचाराल तर चार डोम रद्द. माळावर दोन ए-फ्रेम, उतरतं पत्र्याचं छप्पर, दगडी जोतं, अटॅच बाथरूम, आणि कर्ज पतसंस्थेतून सहा लाखच, बाकी पीएफमधले. चाकण सोडलेलं नाही. खाचरात इंद्रायणी लावतोच, मामी जेवायला तोच भात, पिठलं नाहीतर मासवडी घालते, आणि दर वेळी परत येणाऱ्या लोकांच्या तोंडी त्या भाताचंच नाव असतं. वडगाव मावळच्या संशोधन केंद्राने १९८७ ला काढलेला वाण आहे हा, तिथून दहा-पंधरा किलोमीटरवर तो पैसे मिळवतोय. जाताना लोक पाच-पाच किलो विकत नेतात, त्याची एक्सेलमध्ये वेगळी ओळ टाकावी लागली मला.

परवा त्याने मेसेज केला, मंगळवारचं पहिलं बुकिंग आलं, कोथरूडहून दोन रिटायर्ड जोडपी. त्यांनी विचारलेलं एकच, बाथरूममध्ये धरायला दांडी आहे का. नव्हती. दुपारीच कामशेतला जाऊन स्टीलच्या दोन आणल्या आणि ड्रिल करताना एक टाइल फोडली, तिचा फोटो मला पाठवला.